कारखान्याची फिल्म, शाळेची फिल्म : बेळगावात राहून हे काम करायचंय? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दरवर्षी रिझल्ट लागले की मेसेज सुरू होतात. कुणी खानापूरचं, कुणी निपाणीचं, कुणी चंदगडातनं इकडं कॉलेजला आलेलं, आणि प्रश्न फिरून फिरून तेच. प्रत्येकाला वेगळं टाईप करत बसण्यापेक्षा एकदाच सविस्तर लिहून टाकते. काही उत्तरं लांबलीत कारण तिथं सांगण्यासारखं आहे, काही एका ओळीत संपतात कारण तेवढंच आहे.

तुम्ही नक्की काय करता? लग्नाची शूटिंग ना?

नाही हो. लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांना कमी लेखत नाही, गर्दीत, धुरात, एका टेकमध्ये फोकस धरणं सोपं नाही आणि माझे दोन चांगले कॅमेरामन तिथनंच आलेत. माझं काम दोन तऱ्हेचं. एक कारखान्यांसाठी, म्हणजे नवीन कामगाराला सेफ्टी शिकवणारी फिल्म, मशिन कसं चालवायचं ते दाखवणारी, परदेशातल्या कस्टमरला आपली प्रोसेस दाखवणारी. दुसरं शिकवण्यासाठी, म्हणजे शाळा, आयटीआय, इंजिनीअरिंगच्या लॅब, शेतकरी मेळावे. ह्या फिल्म थेटरात लागत नाहीत, यूट्यूबवर पण बऱ्याचदा नसतात. सकाळच्या शिफ्टला ट्रेनिंग रूममध्ये वीस-पंचवीस माणसं अर्धवट झोपेत बसलेली असतात, ते आपलं ऑडियन्स. त्यातल्या एकाच्या जरी डोक्यात "ओल्या लॅडलमध्ये मेटल घ्यायचं नाही" (लॅडल म्हणजे वितळलेला धातू न्यायचं-ओतायचं भांडं) हे बसलं तर फिल्मचे पैसे वसूल.

ह्याला करिअर म्हणतात का? घरचे विचारतात.

घरच्यांना सांगा की दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) च्या आधी कुंडीत वाटाणा लावला आणि तो कसा उगवतो, कसा वाढतो ते थोडं थोडं चित्रित करून 'अंकुराची वाढ' नावाची छोटी फिल्म केली, आणि ती बघूनच पैसे घालणारा माणूस मिळाला. म्हणजे आपल्या सिनेमाला पहिलं भांडवल मिळालं ते एका शैक्षणिक फिल्मच्या जोरावर. हे माझं आवडतं उदाहरण आहे, प्रत्येक वर्कशॉपमध्ये सांगते, लोक कंटाळले तरी सांगते.

पुढं १९४८ ला सरकारनं मुंबईत फिल्म्स डिव्हिजन काढलं. जुन्या लोकांना आठवत असेल, थेटरात मेन पिक्चरच्या आधी धरणं, पोलाद कारखाने, हातमाग, कुटुंब नियोजन असली डॉक्युमेंटरी बघायलाच लागायची, कारण ती दाखवणं थेटरवाल्यांना बंधनकारक होतं. लोक बाहेर चहा प्यायला जायचे ते वेगळं. ते डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं. मधल्या काळात १९७५-७६ मध्ये इस्रोनं नासाचा उपग्रह वर्षभरासाठी घेऊन 'साइट' नावाचा प्रयोग केला, सहा राज्यांतल्या साधारण २४०० गावांत टीव्ही सेट बसवले, सकाळी मुलांसाठी आणि संध्याकाळी शेती-आरोग्याचे कार्यक्रम दाखवले, आणि त्या सहा राज्यांत आपलं कर्नाटक होतं. १९८४ पासून यूजीसीचे कॉलेजसाठीचे कार्यक्रम दूरदर्शनवर लागायचे. २००४ ला इस्रोनं शिक्षणासाठी वेगळा एज्युसॅट उपग्रह सोडला तेव्हा सुरुवातीला तो वापरणाऱ्या विद्यापीठांत बेळगावचं व्हीटीयू (विश्वेश्वरय्या तंत्रज्ञान विद्यापीठ) होतं आणि महाराष्ट्रातलं मुक्त विद्यापीठ पण.

तर काम आहे, आधीपासून आहे. फक्त पोस्टरवर नाव येत नाही.

पण त्यासाठी पुण्या-मुंबईला जायला नको का?

शिकायला जा हवं तर. कामासाठी कशाला जाताय, इथं विषय पायाखाली पडलेत. उद्यमबाग, मच्छे, होनगा इथल्या फौंड्र्या (धातू वितळवून साच्यात ओतायचे कारखाने) आणि मशिन शॉप, हत्तरगीला विमानाचे पार्ट बनवणारं एसईझेड (विशेष आर्थिक क्षेत्र), यमनापूरचा अ‍ॅल्युमिना कारखाना. गोकाकला धबधब्याच्या पाण्यावर चाललेली १९व्या शतकातली सूतगिरणी. जिल्ह्यात साखर कारखाने किती तरी. निपाणीचा तंबाखू, खानापूरची कौलं आणि मातीची भांडी (खानापुरात खादी ग्रामोद्योगाची मातीकामाची संस्था पण आहे), वडगाव-शहापूरचे माग. वर मेडिकल आणि इंजिनीअरिंग कॉलेजं. घाट चढलं-उतरलं की एकीकडं गोवा, हायवेनं वर गेलं की कोल्हापूरची शिरोली आणि गोकुळ शिरगाव, तिथं पण फौंड्र्याच फौंड्र्या.

मुंबईची टीम इथं येऊन दोन दिवसांत शूट करून जाते ना, त्यांचे फोटो आमच्यापेक्षा चकचकीत असतात, मान्य आहे. पण ते मशिनचा फोटो काढून जातात. मशिन बिघडल्यावर ऑपरेटर आधी कान कुठं लावतो हे त्यांना माहीत नसतं, कारण तेवढं थांबायला त्यांच्याकडं वेळ नसतो आणि हॉटेलचं बिल चढत असतं.

कोर्स कुठला करू?

पुण्याची एफटीआयआय (१९६० पासून), कोलकात्याची सत्यजित रे इन्स्टिट्यूट, अहमदाबादची एनआयडी. अ‍ॅडमिशन मिळाली तर डोळे झाकून जा. नाही मिळाली तरी रडत बसू नका. ह्या लाईनमध्ये मला जे माणूस हवं असतं त्याला दहावीपर्यंतचं सायन्स पक्कं यायला लागतं, इंजिनीअरिंग ड्रॉइंग बघून पार्ट कसा दिसेल ते डोळ्यासमोर आणता यायला लागतं, आणि "मला कळलं नाही, परत सांगा" असं न लाजता म्हणता यायला लागतं. तिसरी गोष्ट सगळ्यात कमी लोकांना येते. माझ्याकडचा सगळ्यात चांगला असिस्टंट आयटीआय फिटर आहे, कॅमेरा त्याला मी शिकवला, मशिन त्यानं मला शिकवलं.

कन्नड यायलाच पाहिजे का?

होय की. भाषेचं राजकारण मला इथं आणायचं नाही, ज्यांना करायचंय त्यांनी करावं. कामाचं सांगते. उद्यमबागच्या एका शेडमध्ये मालक मराठी, सुपरवायझर कन्नड, मोल्डिंगला (वाळूचे साचे करायला) बैलहोंगलकडची माणसं, फेटलिंगला (ओतलेला पार्ट, म्हणजे कास्टिंग, घासून साफ करायला) बिहार-ओडिशाची पोरं आणि क्वालिटीला केरळचा इंजिनीअर, असं असतं. सेफ्टीची फिल्म त्या सगळ्यांना कळली पाहिजे, नाहीतर ती कपाटात ठेवायच्या लायकीची. त्यामुळं आमची जवळजवळ प्रत्येक ट्रेनिंग फिल्म मराठी, कन्नड आणि हिंदी अशी तीन ट्रॅकमध्ये निघते, एक्स्पोर्टवाले असतील तर इंग्रजी चौथा.

त्याचे परिणाम शूटिंगवर होतात. कॅमेऱ्यासमोर बोलणारा माणूस शक्यतो ठेवायचा नाही, सगळं व्हॉइसओव्हरवर. पडद्यावर अक्षरं कमीत कमी, बाण आणि चिन्हं जास्त. आणि एडिट करताना प्रत्येक शॉटला दोन-तीन सेकंद जास्तीचे ठेवायचे, कारण चारी भाषांत वाक्य एकाच लांबीचं होत नाही, एखाद्या भाषेत आवाज संपायच्या आधी शॉट बदलला की बघणाऱ्याचा घोळ होतो. मराठीत मी मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्दांच्या वर जात नाही. मार्केटिंगवाल्यांना तो स्पीड स्लो वाटतो. त्यांना काय, त्यांना मशिनवर उभं राहायचं नसतं.

कॅमेरा कुठला घेऊ?

आहे तो. आधी चांगला ट्रायपॉड, एक बरा कॉलर माईक आणि दोन हार्ड डिस्क घ्या. १०० एमबीपीएसवर शूट केलं तर तासाला ४५ जीबी होतात, कारखान्यात दिवसभर शूट केल्यावर रात्री कॉपी करायला जागा नसली की कळतं. सगळा डेटा तीन ठिकाणी, त्यातली एक जागा दुसऱ्या घरात.

फौंड्रीत शूट करताना काय काळजी घ्यायची?

हा प्रश्न विचारला की मला बरं वाटतं, तर जरा बसून वाचा.

कपडे कॉटनचे. पूर्ण बाह्या, जाड पँट, सेफ्टी शूज, हेल्मेट, गॉगल. पॉलिस्टरचा टी-शर्ट घालून आलात तर मी गेटवरनं परत पाठवते, ठिणगी पडली की तो वितळून कातडीला चिकटतो. पँट बुटाच्या आत खोवायची नाही, बुटावरनं बाहेर, म्हणजे उडालेला थेंब बुटात न जाता खाली पडतो. लेस मोकळी सोडायची नाही.

उभं कुठं राहायचं ते शूटच्या आदल्या दिवशी ठरवायचं आणि फ्लोअर सुपरवायझरला दाखवून घ्यायचं. लॅडल ज्या वाटेनं जाते ती वाट मोकळी हवी, आणि तुमच्या मागं पळायला जागा हवी. वितळलेलं लोखंड साधारण १४०० डिग्रीला असतं. ते नुसतं सांडलं तर एक वेळ निभावतं, पण ओल्या जमिनीवर किंवा ओल्या लॅडलमध्ये पडलं तर पाण्याची वाफ होते, आणि पाण्याची वाफ झाली की ती जवळजवळ १७०० पट जागा मागते, ती पण एका क्षणात. मेटल तोफेसारखं उडतं. म्हणून पावसाळ्यात छत्री झटकत आत येणाऱ्या असिस्टंटला मी सगळ्यांसमोर ओरडते आणि मला त्याचं काही वाटत नाही. पाण्याची बाटली पण शेडच्या बाहेर.

आता कॅमेरा. ऑटो एक्स्पोजर बंद. लॅडल फ्रेममध्ये आली की कॅमेरा घाबरतो, सगळं काळं करून टाकतो, मेटल सुंदर दिसतं आणि ओतणारा माणूस गायब. ट्रेनिंग फिल्ममध्ये मेटलला काही किंमत नाही, माणसाचे हात आणि पाय कुठं आहेत ते दिसलं पाहिजे, म्हणून एक्स्पोजर माणसावर लॉक करायचं आणि मेटल पांढरं फटक गेलं तर जाऊ द्यायचं. व्हाइट बॅलन्स पण हातानं. जुन्या ट्यूबलाईट असतील तर आपल्याकडं वीज ५० हर्ट्झची आहे हे लक्षात ठेवून शटर १/५० किंवा १/१००, नाहीतर पडद्यावर काळ्या पट्ट्या सरकत राहतात आणि ते एडिटमध्ये नीट होत नाही. मोबाईलवर ६० फ्रेमनं काढलेल्या फौंड्रीच्या रील्स बघा, निम्म्या असल्याच.

आवाज: शेडमध्ये इंटरव्ह्यू घ्यायचा नाही. मशिनचा आवाज वेगळा रेकॉर्ड करून घ्या, माणसाला कँटीनच्या मागं नाहीतर स्टोअरमध्ये नेऊन बोलतं करा. कंप्रेसर दर थोड्या वेळानं सुरू होतो, तो बंद झाल्यावर विचारा.

आणि प्रोडक्शन थांबवायला सांगायचं नाही. हीट (भट्टीत एका वेळी वितळवलेलं मेटल) तयार झाली की ती ओतायलाच लागते, तुमचा फोकस आला का नाही हे कुणी विचारत नाही. दिवसात अनेक वेळा ओततात, आज नाही मिळाला तर पुढच्या हीटला मिळेल, एवढा धीर नसेल तर हे काम तुमचं नाही.

स्क्रिप्ट कोण लिहितं?

टाईप मी करते. लिहितं कोण, तर जो रोज ते काम करतो तो.

बहुतेक कंपन्या तुम्हाला एक फाईल देतात, त्यात प्रोसेस शीट, एसओपी (काम कसं करायचं त्याची लेखी पद्धत), कधी जर्मनीतल्या कुठल्या तरी कंपनीच्या व्हिडिओचं नाव, "अस्सं करा". फाईल वाचायचीच, नीट वाचायची. पण मग कॅमेरा न घेता एक-दोन दिवस नुसतं जाऊन उभं राहायचं. एका फौंड्रीत ग्रीन सँडची (साचे करायच्या ओलसर वाळूची) फिल्म करत होतो. शीटवर लिहिलेलं, वाळूत ओलावा साधारण ३ ते ४ टक्के, लॅबमध्ये टेस्ट. बरोबर आहे. पण मोल्डिंगवरचे मामा काय करत होते, तर बॉक्स (साच्याची चौकट) भरायच्या आधी मूठभर वाळू घ्यायचे, घट्ट दाबायचे, मूठ उघडून बोटांचे ठसे नीट उठलेत का बघायचे आणि मग तो गोळा मधोमध मोडायचे. कड स्वच्छ तुटली तर ठीक. भुगा झाला तर वाळू कोरडी, तळहाताला चिकटली तर ओली, आणि ओली वाळू म्हणजे कास्टिंगमध्ये गॅसची भोकं. हे सगळं चार सेकंदांत, दुसऱ्या कुणाशी बोलता बोलता, मूठ नुसती खिशात घालून काढावी इतक्या सहज.

मी म्हटलं, मामा, हे शीटवर नाही. ते म्हणाले, "शीट लिवणाऱ्याला वाळू लागती कुठं हाताला?"

फिल्ममध्ये दोन्ही घेतलं, लॅबची टेस्ट पण आणि मूठ पण. मूठ क्लोजअपमध्ये, बाजूनं लाईट टाकून, म्हणजे बोटांचे ठसे उठून दिसतील. क्वालिटीच्या साहेबांना आधी पटेना, म्हणाले हे अनसायंटिफिक दिसेल. मी एवढंच विचारलं की लॅबचा रिपोर्ट यायच्या आत किती बॉक्स भरून होतात. त्यावर काही बोलले नाहीत, पण शॉट राहिला.

माझ्या मते ह्या धंद्याचं निम्मं काम हेच आहे. कागदावर नसलेलं पण हातात असलेलं ज्ञान बाहेर काढायचं, ते बरोबर आहे का हे जाणकाराकडनं तपासून घ्यायचं, मगच पडद्यावर न्यायचं. तपासायचं का, तर सगळं हातातलं ज्ञान बरोबर असतंच असं नाही. गार्ड काढून मशिन चालवायची पण कुणाकुणाच्या हाताला सवय असते, आणि ते तुम्ही "अनुभवी कारागीर" म्हणून फिल्ममध्ये दाखवलंत तर उद्या कुणाचं तरी बोट जाईल.

शाळेच्या फिल्म सोप्या असतात ना त्या मानानं?

उलट. कामगाराला निदान मशिन समोर असतं, सातवीच्या पोराला काहीच नसतं.

साधं उदाहरण, हरभऱ्याचं बी रुजतं ते दाखवायचंय. दर दहा मिनिटांनी एक फ्रेम धरली तर दिवसाच्या १४४ फ्रेम, सहा दिवसांच्या ८६४, आणि सेकंदाला २५ फ्रेमनं ते चाललं फक्त साडेचौतीस सेकंद. त्यासाठी सहा दिवस एक खोली बंद, खिडकीला काळा कागद, लाईट एकच आणि तो हलता कामा नये, कॅमेरा करंटवर आणि करंट गेला तर इन्व्हर्टरवर. आमच्याकडं पावसाळ्यात करंट किती जातो ते खानापूरवाल्यांना विचारा. बी काचेला टेकवून लावायचं म्हणजे मूळ दिसतं, आणि माती ऐवजी ओला टिपकागद चालतो का हे आधी बाईंना विचारायचं, कारण मुलं विचारतात "टीचर, माती कुठाय?" आणि मग उरलेला तास त्यातच जातो.

हे "बाईंना विचारायचं" सगळ्यात महत्त्वाचं. रफ कट (कच्चं एडिट) आधी शिक्षकांना दाखवा, मग मुलांना, आणि मुलांना दाखवताना पडद्याकडं बघू नका, मुलांकडं बघा. कुठं चुळबुळ सुरू होते तिथं शॉट लांबलाय. नंतर "आवडलं का?" विचारायचं नाही, सगळी पोरं "हो" म्हणतात. "आधी काय बाहेर आलं, मूळ का कोंब?" असं विचारा.

म्युझिक कमी. शाळेच्या फिल्मला सतत बासरी लावायची पद्धत कुणी पाडली कुणास ठाऊक.

वर्षभर काम असतं का?

असतं, पण विषय कॅलेंडरप्रमाणं. साखर कारखाना शूट करायचा तर गळीत हंगामात, ऑक्टोबर-नोव्हेंबर ते मार्च, त्यानंतर गेलात तर उघडलेली मशिनरी आणि वेल्डिंग मिळेल, वाफ आणि रस मिळणार नाही. मेंटेनन्सची फिल्म असेल तर मात्र तोच काळ उत्तम. खानापूरकडं कौलांचं, मातीचं काम पावसात वाळत नाही, तिथं जून ते सप्टेंबर विसरा. तंबाखू थंडी संपता संपता. पावसाळ्यात आम्ही शेडच्या आतली कामं, लॅबच्या फिल्म, अ‍ॅनिमेशन आणि डबिंग उरकतो. मार्चमध्ये सगळ्यांना बजेट संपवायचं असतं त्यामुळं तेव्हा झोप नाही.

ड्रोन लागतोच का?

क्लायंटला लागतो. मला विचाराल तर कारखान्याचं छप्पर बघून कुणी काही शिकत नाही.

तरी उडवणार असाल तर २०२१ चे ड्रोन नियम वाचा. ग्रीन झोनमध्ये ४०० फुटांपर्यंत वेगळी परवानगी लागत नाही, यलोला एअर ट्रॅफिक कंट्रोलची लागते, रेडला थेट केंद्र सरकारची. २५० ग्रॅमपर्यंतच्या नॅनो ड्रोनला पायलट सर्टिफिकेट लागत नाही, पण झोनचे नियम त्यालाही आहेत. बेळगावात सांबऱ्याला विमानतळ आणि एअर फोर्स, कॅम्पात मराठा लाईट इन्फंट्रीचं सेंटर, त्यामुळं "पटकन एक शॉट घेऊ" हे इथं चालत नाही. डिजिटल स्काय ह्या सरकारी वेबसाइटवरचा मॅप उघडून बघा आणि मगच क्लायंटला हो म्हणा.

पैसे किती मिळतात?

आकडा इथं लिहीत नाही, लिहिला की तोच सगळीकडं फिरतो. कोट कसं करायचं ते सांगते. मिनिटावर रेट लावू नका, तीन मिनिटांच्या सेफ्टी फिल्मला दहा मिनिटांच्या कॉर्पोरेट फिल्मपेक्षा जास्त मेहनत जाऊ शकते. नुसतं बघायला जायचे दिवस, शूटचे दिवस, एडिटचे दिवस, प्रत्येक भाषेचा ट्रॅक, प्रत्येकाचा वेगळा हिशोब मांडा. बघायला जायच्या दिवसांचे पैसे मागायला लाजू नका, तिथंच फिल्म तयार होते. ४० टक्के आधी, ३० शूट झाल्यावर, ३० फायनल फाईल देताना. दुरुस्त्या दोन वेळा फुकट, तिसऱ्यापासनं चार्ज, हे लेखी.

लेखी का, तर एका कंपनीनं (नाव घेत नाही) फिल्म पास केली, ट्रेनिंगला वापरायला पण लागले, आणि शेवटचं पेमेंट अडवलं कारण मधल्या काळात लोगोचा निळा रंग बदलला आणि नव्या साहेबांना प्रत्येक हेल्मेटवरचा लोगो नव्या निळ्यात पाहिजे होता. प्रत्येक हेल्मेटवरचा! तेव्हापासून माझ्या कोटमध्ये ओळ आहे की शूटच्या दिवशी अंगावर जे असेल ते तसंच राहील.

जीएसटी: सेवा देणाऱ्यांना उलाढाल वर्षाला २० लाखांच्या वर गेली की रजिस्ट्रेशन. नंबर घेतल्यावर बेळगावच्या क्लायंटला सीजीएसटी-एसजीएसटी, शिरोलीच्या क्लायंटला आयजीएसटी, दोन्हीकडं मिळून १८ टक्केच, पण बिल चुकीच्या खात्यात काढलं की त्यांचा अकाउंटंट परत पाठवतो आणि पेमेंट महिनाभर लांबतं. आपल्याकडं अर्धे क्लायंट सीमेपलीकडचे असतात म्हणून मुद्दाम सांगितलं. टीडीएस कापला की तो आपल्या नावावर भरलाय का ते वर्षातनं एकदा तरी बघा.

फिल्म कुणाच्या मालकीची? मी शोरीलमध्ये लावू शकते का?

१९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणं, कुणी पैसे देऊन तुमच्याकडनं फिल्म करून घेतली आणि वेगळा करार नसेल, तर पहिला मालक तो. तुम्ही नाही. त्यामुळं शोरीलमध्ये (आपल्या कामाचे नमुने दाखवणाऱ्या छोट्या फिल्ममध्ये) काही सेकंद वापरायची परवानगी करारातच लिहून घ्या, बहुतेक लोक देतात, आधी विचारलं तर. नंतर विचारलं तर लीगलकडं जातं आणि तिथनं काही परत येत नाही. कस्टमरचे पार्ट, ड्रॉइंग, डायल, बोर्डावरचे आकडे फ्रेममध्ये आलेत का ते पण बघा. विमानाच्या पार्टवाल्यांकडं तर शूट झाल्यावर त्यांचा माणूस सगळं फूटेज बसून बघतो, त्याचा वेळ शेड्यूलमध्ये धरा.

सेन्सॉर सर्टिफिकेट लागतं का?

कारखान्यात आपल्याच माणसांना दाखवायला नाही. थेटरात लावायची तर लागतं.

मुलींना जमेल का हे?

मी कोण आहे मग? उद्यमबागेत मला ताई म्हणतात, अथणीकडं अक्का म्हणतात, आणि पहिल्या दिवशी सगळे "मॅडमना खुर्ची द्या" म्हणतात. खुर्ची नको म्हणून सांगायचं आणि कामाला लागायचं. खरी अडचण विचाराल तर बाथरूम, जुन्या शेडमध्ये बायकांसाठी नसतंच, ते रेकीच्या (शूटच्या आधी जागा बघायला जायच्या) दिवशीच विचारून ठेवायचं. नाईट शिफ्टचं शूट असेल तर परतीची गाडी कंपनीची, हे आधी ठरवायचं.

नाव होतं का ह्यात? अवॉर्ड वगैरे?

मुंबईत १९९० पासून डॉक्युमेंटरी आणि शॉर्ट फिल्मचा आंतरराष्ट्रीय महोत्सव होतो, मिफ म्हणतात, तिथं निदान बघायला तरी जा. त्यात आपलं काम लागेलच असं नाही. कंपनीच्या फिल्मला बऱ्याचदा टायटल पण नसतं.

एआयमुळं हे काम जाईल का?

काही जाईल. कन्नड-मराठीचा मशिनी आवाज आता बरा यायला लागलाय, स्वस्तातल्या फिल्मना तो वापरतातच, आणि खोटं कशाला बोलू, रफ ट्रॅकला मी पण वापरते. फायनलला माणूस, कारण "कोअर", "रनर", "रायझर" हे फौंड्रीतले शब्द आमचा माणूस जिथं जोर देऊन म्हणतो तिथं मशिन देत नाही आणि कामगार लगेच हसतात. चित्राचं वेगळं. गंमत म्हणून एआयकडनं फौंड्रीचा सीन करून घेतला तर ठिणग्या जबरदस्त, आणि ओतणारा माणूस हाफ शर्टमध्ये, गॉगल नाही, लॅडलच्या बरोब्बर समोर. सेफ्टीच्या फिल्ममध्ये हे दाखवणार?

मग सुरुवात कुठनं करू?

चालत जाता येईल एवढ्या अंतरावरचं एक काम निवडा. कुंदा (बेळगावची दुधाची मिठाई) करणारा, मागवाला, रिवाइंडिंगचं दुकान, पिठाची गिरणी, काहीही. परवानगी घ्या, दोन-तीनदा कॅमेरा न घेता जा, मग शूट करा. तीन मिनिटांची फिल्म, व्हॉइसओव्हर नाही, म्युझिक नाही, नुसता कामाचा आवाज. ती अशा माणसाला दाखवा ज्यानं ते काम कधी बघितलं नाही, आणि त्याला क्रमानं सांगायला लावा की काय काय झालं. कुंद्याचं असेल तर दूध आटताना रंग कधी बदलला, साखर कधी पडली, हे त्यानं सांगितलं पाहिजे. जिथं तो अडखळला तिथं परत जाऊन शॉट घ्या.

असं केलेलं मला पाठवा, मी बघते आणि उत्तर देते, उशीर झाला तर एकदा आठवण करा. बायोडाटा नको, ड्रोन नको, सुरुवातीला फिरणारा थ्रीडी लोगो तर अजिबात नको. आणि मार्चमध्ये पाठवू नका.